उत्तर न आलेली चिठ्ठी

तिला चेहरा नाही. दीड तासाहून थोड्या अधिक लांबीच्या चित्रपटात ती सुरुवातीपासून आहे, तरी ती दिसते कशी हे बाहेर पडताना कुणाला सांगता येत नाही. आवाज मात्र ओळखीचा झालेला असतो. रात्री जागणाऱ्या मुलीचा, भिंतीपलीकडच्यांची झोप मोडू नये म्हणून खाली ठेवलेला. ती एक चिठ्ठी आहे. खरं तर बऱ्याच चिठ्ठ्या आहेत, पण स्वभाव एकच म्हणून मी तिला एकवचनीच धरते. पायल कपाडिया यांच्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ या २०२१ सालच्या चित्रपटाची ती नायिका. लिहिणारी मुलगी नायिका आहे असं कुणी म्हणेल. पण त्या मुलीचं आपल्याला फक्त एक अद्याक्षर कळतं, ‘एल’. बाकी जे कळतं ते चिठ्ठीमुळे.

तिचा पत्ता असा : पुण्यातली फिल्म इन्स्टिट्यूट, तिथलं वसतिगृह, वसतिगृहातल्या एका खोलीतलं कपाट, कपाटात एक डबा. डब्यात सोबतीला वर्तमानपत्रांची कात्रणं, वाळलेली फुलं, मेमरी कार्डं. ज्याला उद्देशून ती लिहिली तोही कधीकाळी याच आवारात शिकायचा. आता तो आपल्या घरी आहे, आणि घरच्यांना एलची जात चालत नाही. त्याचं उत्तर चित्रपटात एकदाही ऐकू येत नाही. चिठ्ठीला ते ठाऊक असावं, तरी ती लिहिली जात राहते. मला तिचा हा हट्ट फार आवडतो.

आम्हा नाशिककरांना चिठ्ठीचं मोल वेगळं समजावून द्यावं लागत नाही. नाशिकरोडची इंडिया सिक्युरिटी प्रेस १९२५ पासूनची. देशाची टपाल तिकिटं, पोस्टाची पाकिटं, आंतरदेशीय पत्रं इथं छापली गेली. इकडच्या कितीतरी घरांत कुणी ना कुणी ‘प्रेसमध्ये’ असायचं, आणि तेवढं सांगितलं की मुलीचं लग्न जमवताना पुढे फारसं विचारायची गरज पडत नसे. ते निळसर आंतरदेशीय पत्र ज्यांनी हाताळलंय त्यांना त्याची एक गंमत आठवेल. मधल्या भागात मजकूर ठरलेला. ती. सौ. आईस शिरसाष्टांग नमस्कार, इकडील सर्व क्षेम, पाऊस बरा आहे, धाकट्याचा खोकला गेला. मग जागा संपायची. मग बाई पत्र आडवं धरून कडेच्या पट्टीवर लिहायची, तिथेही संपलं की डिंकाच्या कडेपाशी, अक्षर बारीक करत करत. आणि जे खरं सांगायचं ते तिथे यायचं. ‘भाऊला पाठव, चार दिवस तरी यावंसं वाटतं.’ पत्र उघडताना घाईत फाटलं तर नेमकी तीच ओळ फाटायची.

एलची चिठ्ठी मला त्या कडेच्या पट्टीची वाटते. मधल्या मोठ्या भागात देश आहे.

तो देश कोणता ते सांगायला हवं. जून २०१५ मध्ये केंद्र सरकारने गजेंद्र चौहान यांना फिल्म इन्स्टिट्यूटच्या अध्यक्षपदी नेमलं. दूरदर्शनच्या ‘महाभारत’मधले युधिष्ठिर म्हणून लोकांना ते माहीत होते, विद्यार्थ्यांचा आक्षेप पात्रतेला आणि राजकीय निवडीला होता. १२ जूनला संप सुरू झाला आणि १३९ दिवस चालला. ऑगस्टमध्ये मध्यरात्री पोलीस आवारात आले आणि विद्यार्थ्यांना अटक करून घेऊन गेले. ऑक्टोबरअखेर विद्यार्थी वर्गात परतले. नेमणूक रद्द झाली नाही. पुढच्या जानेवारीत हैदराबाद विद्यापीठात रोहित वेमुला या दलित संशोधक विद्यार्थ्याने आत्महत्या केली. त्यानंतर दिल्लीतल्या विद्यापीठांत आंदोलनं : आधी जेएनयू, आणि २०१९ च्या डिसेंबरात जामिया. कपाडिया स्वतः त्या पुण्याच्या संपात होत्या आणि त्यांच्यावर संस्थेची शिस्तभंगाची कारवाईही झाली. हे सगळं चित्रपटात आहे : घोषणा, सभा, मोर्चे, भाषणं. आयझेन्स्टाइन आणि पुदोव्किन यांची नावं घेऊन पोरं घोषणा देतात, तेव्हा शंभर वर्षांपूर्वीचा रशियन सिनेमा पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावर येऊन उभा राहिल्यासारखा वाटतो. बातमीपट करायचा असता तर एवढ्यावर तो झाला असता.

पण आवाज चिठ्ठीचा आहे, म्हणून तो बातमीपट होत नाही.

चित्रपट चालतो कसा ते पाहण्यासारखं आहे. दिसतं एक आणि ऐकू येतं दुसरं. पडद्यावर रात्र आहे, बहुतेक काळीपांढरी, इतकी खरखरीत की माणसं दाण्यादाण्यांनी बनलेली वाटावीत. कुणी झोपलंय, कुणी नुसतं बसलंय. सुरुवातीलाच विद्यार्थी अंधारात नाचतायत, मागे भिंतीवर कुठला तरी सिनेमा हलतोय, आणि गाण्याचा आवाज नाहीच. त्या शांत नाचावर चिठ्ठी बोलू लागते. नाचणाऱ्यांत एल आहे का? सांगितलेलं नाही. तो मुलगा आहे का? तेही नाही. हे चित्रण कपाडिया, छायालेखक आणि संकलक रणबीर दास आणि त्यांच्या मित्रमंडळींनी काही वर्षांत जमवलेलं. त्यात कुणाकुणाच्या घरचं जुनं चित्रणही मिसळलं आहे. चिठ्ठी या सगळ्यांवरून हात फिरवत जाते आणि ती परकी माणसं एलची होतात. तिच्या आठवणीतल्या घरांसाठी दुसऱ्याच कुणाच्या घरातला आनंद उसना घेतला आहे. ज्या मुलीला प्रियकराच्या घरात पाऊल ठेवायची मुभा नाही, तिच्या चिठ्ठीला अनोळखी घरांची दारं अशी उघडी मिळतात, आणि हे फक्त अशाच प्रकारच्या सिनेमात होऊ शकतं.

एल काल्पनिक आहे. चिठ्ठ्या कपाडिया आणि हिमांशू प्रजापती यांनी लिहिल्या, वाचल्या भूमिसुता दास यांनी. कपाटातला डबाही गोष्टीचाच भाग. तरीही कान महोत्सवात ‘डायरेक्टर्स फोर्टनाइट’ विभागात दाखवल्या गेलेल्या या चित्रपटाला त्या वर्षीच्या सर्वोत्तम माहितीपटाचा ‘गोल्डन आय’ पुरस्कार मिळाला. काहींना हे खटकलं असेल. मला ते योग्यच वाटतं. मोर्च्याला किती लोक होते याची नोंद पोलिसांकडे असते, वर्तमानपत्रांकडे असते. त्या मोर्च्यातून खोलीवर परतल्यावर एका मुलीला ज्याची आठवण आली तो मोर्च्याला आला नव्हता, ही नोंद कुणाकडे असते? ती कुणी तरी रचून लिहिली तेव्हाच आपल्यापर्यंत आली. रचलेली आहे म्हणून खोटी ठरवायची तर मग आपल्या आज्यांच्या ओव्याही खोट्या म्हणाव्या लागतील.

आता तिचा स्वभाव. सुरुवातीला ही चिठ्ठी प्रेमात पडलेल्या कुणाचीही असावी तशी आहे. वाट पाहणारी, आठवणी काढणारी, रागावून लगेच मऊ होणारी. देश तिच्यात मागच्या दाराने येतो. इथे संप सुरू आहे, तू असायला हवा होतास, एवढंच आधी. मग हळूहळू बाहेरचं वाढत जातं आणि ‘तू’ लहान होत जातो. त्या मुलाला घरच्यांसमोर उभं राहता आलेलं नाही. इकडे एलच्या भोवतीची पोरं पोलिसांसमोर उभी आहेत. या दोन गोष्टी चिठ्ठी एकमेकींशेजारी ठेवते आणि तिला जे दिसायचं ते दिसतं. जी व्यवस्था विद्यापीठाच्या फाटकावर लाठी घेऊन येते, तीच त्याच्या घरात आईच्या रडण्यातून आणि वडिलांच्या अबोल्यातून काम करते, आणि तिथे लाठीची गरजही पडत नाही. रोहितच्या मृत्यूनंतरची भाषणं ऐकताना एलला आपल्या प्रेमाचं काय झालं हे नीट कळतं, असं मला वाटतं. चिठ्ठी तसं ठासून सांगत नाही. पण त्यानंतर तिची विनवणी संपते. ‘तू ये’ हा सूर पुढे येत नाही. ती आता त्याला हिशेब विचारते, आणि काही काळाने तोही विचारणं सोडते. एखाद्या बाईचं राजकीय भान कसं घडतं हे मी बऱ्याच कादंबऱ्यांत वाचलंय. इतकं हलक्या हाताने घडलेलं फार थोड्या ठिकाणी.

नाशिकमध्ये बसून हे पाहताना काळाराम मंदिराचा दरवाजा डोळ्यांपुढे येतोच. २ मार्च १९३० ला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली तिथे सत्याग्रह सुरू झाला, दादासाहेब गायकवाडांनी तो पुढे वर्षानुवर्षं चालवला, आणि दार काही उघडलं नाही. १३ ऑक्टोबर १९३५ ला येवल्याला बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली ती या अनुभवानंतर. त्या सत्याग्रहात स्त्रियाही होत्या. पंचवटीत रामकुंडाच्या बाजूला आज गेलं तर या जागेचा इतिहास सांगणारे पुष्कळ भेटतात. तारखा, नेते, दगडफेक, खटले. पण घरून भाकरी बांधून निघालेली, पोर शेजारणीकडे ठेवून आलेली, संध्याकाळी परतल्यावर नवऱ्याशी काय बोलायचं याची मनात जुळवाजुळव करणारी बाई त्या इतिहासात फार पुसट आहे. देवळाचं दार आणि घराचं दार यांना एकच कडी लावलेली असते हे तिला सगळ्यांआधी कळलं असणार. एलची चिठ्ठी मी त्या बाईच्याही वतीने ऐकते.

नाशिकच्या दुसऱ्या टोकाची, विचारांनी अगदी वेगळ्या घरची एक बाई इथे आठवते. यशोदाबाई सावरकर, बाबाराव सावरकरांच्या पत्नी, ‘येसूवहिनी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या. बाबारावांना १९०९ मध्ये राजद्रोहाच्या खटल्यात काळ्या पाण्याची जन्मठेप झाली. त्याच वर्षाच्या शेवटी, २१ डिसेंबरला, इथल्या विजयानंद नाट्यगृहात कलेक्टर जॅक्सनचा खून झाला आणि शहरात धरपकड सुरू झाली. घरातली कर्ती माणसं एकामागून एक तुरुंगात. येसूवहिनींनी ‘आत्मनिष्ठ युवती संघ’ काढून बायकांना एकत्र आणलं होतं. अंदमानातून वर्षाकाठी एखादंच पत्र यायचं, तेही अधिकाऱ्यांच्या नजरेखालून. १९१९ मध्ये त्या गेल्या. नवऱ्याची पुन्हा भेट झाली नाही. दिरांनी लंडनहून त्यांच्यासाठी लिहिलेली कविता प्रसिद्ध आहे, मराठी माणसाने ती शाळेत ऐकलेली असते. वहिनींनी काय लिहिलं असतं? त्यांना धीर देणारे पुष्कळ होते. त्यांचं ऐकून घेणारं कुणी होतं का, हे मला विचारावंसं वाटतं. क्रांतीचा रंग कुठलाही असो, भगवा, लाल किंवा निळा, तिच्यात होरपळलेल्या बाईला आपण ‘त्याग’ हा एक शब्द देऊन मोकळे होतो. एलची चिठ्ठी त्या शब्दात मावत नाही. ती त्याग करत नाही, तक्रार करते. त्यासाठीही ती मला हवी आहे.

या चिठ्ठीचं माहेर सिनेमातही आहे. १९६९ साली मुंबईत चित्रकार अकबर पदमसी यांनी ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ नावाची जागा सुरू केली. चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले एकत्र येऊन प्रयोग करत. तिथे काम करणारी एक अगदी तरुण मुलगी होती, नलिनी मालानी. कराचीत जन्मलेली, फाळणीत घर सोडून आलेल्या कुटुंबातली. तिने तिथे छोटे प्रयोगपट केले. तिच्या एका कामाचं नाव ‘युटोपिया’, १९६९ ते १९७६ या काळातलं. दोन पडदे शेजारी शेजारी. एकावर रंगीत : नव्या, नीटनेटक्या इमारतींची प्रतिकृती, नेहरूंच्या काळातलं शहराचं स्वप्न. दुसऱ्यावर काळंपांढरं : खिडकीशी उभी तरुणी, बाहेर खरी मुंबई पाहणारी, तिच्या झोपड्यांसकट. ती मुलगी काही बोलत नाही. नलिनी मालानी या पायल कपाडियांच्या आई. आईच्या चित्रपटातली खिडकीतली मुलगी गप्प होती, लेकीच्या चित्रपटातली मुलगी दिसत नाही पण बोलते. मधे पन्नास वर्षं गेली आणि देशाचं स्वप्न दोघींपुढेही तडकलेलंच होतं. घराण्याची परंपरा गायकीत आपण मानतो, तशी ही मानायला हवी. २०२४ मध्ये कपाडियांच्या ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ला कानचा ग्राँ प्री मिळाला तेव्हा सगळीकडे बातम्या झाल्या, त्या चित्रपटातल्या बायकांचं रात्रीचं हळू बोलणं या चिठ्ठीनेच आधी शिकून ठेवलं होतं.

आणि मग सरस्वतीबाई फाळके. त्यांना वगळून नाशिकच्या माणसाने सिनेमावर लिहूच नये. त्यांचे पती दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, वंगभंगानंतरच्या स्वदेशीच्या वाऱ्याने भारलेले. ‘राजा हरिश्चंद्र’नंतर त्यांनी नाशिकला बिऱ्हाड आणि कारखाना आणला. कोऱ्या फितीच्या कडांना भोकं पाडायचं काम सरस्वतीबाई रात्री अंधारात बसून करत, दिवसभर सगळ्यांचा स्वयंपाक उरकल्यावर. ते भोक एका केसाने चुकलं तरी चित्र पडद्यावर थरथरतं. भारतीय सिनेमा स्थिर दिसला तो त्या बोटांमुळे. त्यांचे दागिने गहाण पडले, पोरं लहान, आणि नवरा स्वदेशी उद्योग उभारायच्या ध्यासात. बोटांचं काम आपल्याला माहीत आहे, मनातलं फार थोडं.

परत एलकडे. या चित्रपटात चिठ्ठीच्या अगदी विरुद्ध स्वभावाचं एक पात्र आहे, तेही चेहरा नसलेलं : सीसीटीव्ही कॅमेरा. १५ डिसेंबर २०१९ च्या संध्याकाळी जामियाच्या वाचनालयात पोलीस शिरले त्याचं चित्रण तसंच्या तसं दाखवलं आहे. वरच्या कोपऱ्यातून पाहणारी नजर. टेबलांखाली शिरणारी मुलं, तोंड बांधलेली माणसं, काठ्या. त्या कॅमेऱ्याला सगळं दिसतं आणि कुणाचंच काही वाटत नाही. त्याच्या कोपऱ्यात मिनिट आणि सेकंद असतात. चिठ्ठीला मिनिटं सांगता येत नाहीत, ती अंधारात चाचपडते, ती चुकतेही. पण त्या वाचनालयातल्या मुलांपैकी कुणाला रात्री घरून फोन आला असेल, आणि त्याने ‘मी ठीक आहे’ असं सांगितलं असेल, हे तिला कळतं. ती दृश्यं पाहताना मी खुर्चीची कड धरून बसले होते. चिठ्ठीचा आवाज परत आला तेव्हा श्वास सुटला.

तिचा मला सर्वांत प्रिय असलेला भाग मात्र पोलिसांविषयीचाच आहे. इटालियन दिग्दर्शक आणि कवी पाझोलिनी यांनी १९६८ च्या विद्यार्थी आंदोलनाच्या वेळी म्हटलं होतं की आपली सहानुभूती पोलिसांकडे जाते, कारण पोलीस गरिबांची मुलं आहेत आणि दगड मारणारे सुखवस्तूंची. तो वाद चिठ्ठी इथे आणते. आणि मग बंदोबस्ताला उभ्या असलेल्या महिला पोलिसांकडे तिचं लक्ष जातं. दिवसभर उभ्या, दमलेल्या. समोर त्यांच्याच वयाच्या मुली घोषणा देतायत. या बायका घरी जाऊन काय करत असतील, त्यांना काय वाटत असेल, हे तिला जाणून घ्यायचं आहे. स्वतःच्या दुःखात इतकी बुडालेली चिठ्ठी काठी हातात घेतलेल्या बाईचा विचार करते, तेव्हा ती एलच्या प्रेमाच्या फार पुढे गेलेली असते.

नाशिकमध्ये त्र्यंबक रस्त्यावर महाराष्ट्र पोलीस अकादमी आहे. सकाळी लवकर त्या बाजूला गेलं की धावणाऱ्या मुली दिसतात. चांदवडच्या, सुरगाण्याच्या, नंदुरबार-बीडच्या; केस घट्ट बांधलेले, बुटांवर धूळ. कुणी द्राक्षबागेत मजुरी करत अभ्यास केला, कुणाच्या घरी ‘आधी लग्न, मग भरती’ यावरून वर्षभर वाद चालला. उद्या कुठल्या तरी महाविद्यालयाच्या फाटकावर यांच्यातलीच एक उभी असेल. तिचाही एखादा ‘के’ किंवा ‘एस’ असेल, ज्याच्या घरच्यांना तिची जात चालली नाही, किंवा वर्दी चालली नाही. बंदोबस्त रात्री दहाला सुटेल, चौकीत मोबाइल चार्जिंगला लागलेला असेल, आणि ती काही तरी टाइप करून पाठवायच्या आधी पुसेल. कपाडियांच्या चित्रपटाने तिच्याकडे क्षणभर वळून पाहिलं. तिच्या बाजूने लिहिलेल्या चिठ्ठीचा चित्रपट अजून कुणी काढलेला माझ्या पाहण्यात नाही, आणि तो त्र्यंबक रस्त्यावरच्या एखाद्या मुलीने स्वतः काढावा असं मला मनापासून वाटतं. फोन तिच्या खिशात आहेच.